फोशानचा हाडवैद्य

चित्रपटातल्या नायकाचे आयुष्य ते केवढे! पाच वर्षे, दहा वर्षे. नशीब फारच जोरावर असले तर पंचवीस. मग त्याचे केस रंगवावे लागतात, पोट आवळावे लागते आणि एके दिवशी लोक दुसऱ्या नायकाच्या मागे धावू लागतात. पण दक्षिण चीनमधला एक हाडवैद्य १९४९ साली जो पडद्यावर येऊन उभा राहिला, तो खाली उतरायचे नावच घेत नाही. त्याच्यावर आजवर शंभराच्या घरात चित्रपट निघाले. त्याची भूमिका करणारे नट बदलले, दिग्दर्शक बदलले, काळा-पांढरा पडदा रंगीत झाला, आणि ज्या हाँगकाँगात हे चित्रपट निघत त्या हाँगकाँगवरचे निशाणसुद्धा १९९७ साली बदलले. अंगात लांब झगा, चेहऱ्यावर शाळामास्तरांची गंभीर मुद्रा आणि पायांत विजेची चपळाई घेऊन वाँग फेइ-हुंग आपले जागच्या जागी उभेच आहेत!

आता गंमत पाहा. हे सगळे चित्रपट मारामारीचे. आणि त्यांच्या नायकाचा धंदा काय, तर लोकांची मोडलेली हाडे जागच्या जागी बसवण्याचा. एका हाताने हाड मोडायचे आणि दुसऱ्याने जोडायचे, हा काय प्रकार असेल? आमच्या सौ.ने तर ही माहिती ऐकताच, "म्हणजे गिऱ्हाईक आपणच तयार करायचं!" असा शेरा मारला होता.

आमचा भाचा चार वर्षांपूर्वी नोकरीसाठी हाँगकाँगला गेला. "मामा, मामीला घेऊन एकदा याच," असा त्याचा धोशा चालला होता. तेव्हा गेल्या मार्चात आम्ही दोघे निघालो. हाँगकाँग पाहायचे, तिथून जमल्यास वाँग फेइ-हुंगचे गाव फोशान गाठायचे आणि या हाडवैद्याच्या दीर्घायुष्याचे गुपित शोधायचे असा माझा बेत होता. सौ.चा बेत निराळा होता. तो मी इथे सांगत नाही. पण त्यापायी परतीच्या प्रवासात एक बॅग वाढली, एवढे सांगितले म्हणजे सुज्ञ वाचक समजतील.

हाँगकाँग म्हणजे समुद्र आणि डोंगर यांच्या चिमटीत उभे राहिलेले शहर. जागा नाही म्हणून इमारतींनी आभाळाकडे हात पसरलेले. बेटाच्या उत्तर किनाऱ्याने दुमजली ट्रॅम धावते. १९०४ पासून ती धावते आहे, आणि धावते म्हणणे हा तिचा मोठाच गौरव आहे. घंटा वाजवीत, दोन्ही बाजूंच्या दुकानांची विचारपूस करीत ती चालते. मुंबईच्या ट्रॅममधून प्रवास केलेले कुणी वडीलधारे बरोबर असते तर त्यांचे डोळे पाणावले असते. या ट्रॅमच्या वरच्या मजल्यावर बसून आम्ही बेटाच्या पूर्वेकडच्या साई वान हो या भागात गेलो. तिथे २००१ साली उघडलेले हाँगकाँगचे चित्रपट-संग्रहालय आहे. जुन्या बोलपटांच्या प्रती तिथे जपून ठेवतात आणि त्यांतला आपल्याला हवा तो बसून पाहताही येतो.

आमच्याबरोबर भाच्याच्या शेजारचे एक आजोबा आले होते. वय ऐंशीच्या आसपास, शाळेतून निवृत्त झालेले, इंग्रजी स्वच्छ. चित्रपट कँटनी भाषेत असल्यामुळे आजोबा नसते तर आम्ही नुसती हवेत फिरणारी पाऊले पाहून परतलो असतो. वाँग फेइ-हुंगचे नाव काढताच ते जरा सावरून बसले. त्यांनी ते नाव एकदाही नुसते उच्चारले नाही. दर खेपेला 'वाँग सीफू'. सीफू म्हणजे गुरुजी. पण त्या शब्दाच्या पोटात बापही दडलेला आहे.

दिवा मंद झाला आणि पडद्यावर क्वान टाक-हिंग अवतरले. हे मूळचे कँटनी संगीत नाटकातले नट. पहिल्या बोलपटाच्या वेळीच त्यांनी चाळिशी ओलांडली होती. आपल्या कल्पनेतला मारामारीचा नायक आणि हे गृहस्थ यांचा काही मेळ बसेना. गाल जरा बसलेले, बोलणे सावकाश, चालणे त्याहून सावकाश. बाजारात एखादा दांडगेश्वर गरीब फेरीवाल्याची टोपली उधळतो. शिष्यांच्या मुठी वळतात. वाँग सीफू त्यांना आवरतात. दांडगेश्वराला नमस्कार करून चार शब्द सांगतात. तो ऐकत नाही. पुन्हा सांगतात. तो हसतो. आणि तो हसला की हाँगकाँगातले एका पिढीचे पोरसोर आईच्या कुशीत शिरत असे, कारण ते हसणे शेक किन या नटाचे! याच शेक किनने पुढे १९७३ साली 'एंटर द ड्रॅगन'मध्ये ब्रूस लीला आरसेमहालात झुंजवले. आपल्याकडच्या अनेकांनी त्याला तिथे पाहिले आहे. पण त्याआधी कितीतरी वर्षे तो वाँग सीफूंच्या हातचा मार खात होता.

शेवटी मारामारी होतेच. तेवढ्यासाठी तर तिकीट काढायचे. पण ती संपल्यावर वाँग सीफू पडलेल्या शत्रूला उठवतात आणि पुन्हा चार शब्द सांगतात.

"हा मारतो थोडा आणि समजावतो फार," सौ. माझ्या कानात म्हणाली. "आमच्या अण्णांसारखा."

तिचे अण्णा, म्हणजे माझे सासरे, गणिताचे शिक्षक होते. एवढ्यावरून वाँग सीफूंचे आणि तिचे सूत जमले.

बाहेर पडून आम्ही चहाच्या दुकानात बसलो, तेव्हा आजोबांनी हिशेब मांडला. क्वान टाक-हिंग यांनी ही भूमिका सत्तरांहून अधिक चित्रपटांत केली. एकट्या १९५६ साली वाँग फेइ-हुंगवर पंचवीस चित्रपट निघाले! म्हणजे महिन्याला दोन, आणि वर एक दिवाळी अंक म्हणून! इतक्या झपाट्याने काढलेल्या चित्रपटांत कापडी डोंगर हलणार आणि तोच रस्ता दहा वेळा दिसणार, हे ओघानेच आले. तरी लोक जात होते. का जात होते?

याचे उत्तर त्या १९४९ या सालात आहे. चीनमध्ये यादवी युद्ध संपत आले होते, आणि त्याच साली ऑक्टोबरात पेकिंगला नवी राजवट आली. दक्षिणेकडून माणसांचे लोंढेच्या लोंढे हाँगकाँगच्या हद्दीत शिरले. १९४५ साली महायुद्ध संपले तेव्हा या वसाहतीत सहा लाखांच्या आसपास माणसे होती; पाच-सहा वर्षांत ती वीस लाखांवर गेली. डोंगरउतारावर पत्र्याच्या आणि लाकडी फळ्यांच्या झोपड्या उठल्या. गाव मागे राहिलेले, सरहद्द बंद झालेली. अशा माणसांसमोर वू पांग नावाच्या दिग्दर्शकाने त्याच वर्षी वाँग फेइ-हुंगचा पहिला चित्रपट आणला.

हा माणूस कल्पनेतला नव्हता. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला फोशानजवळ त्याचा जन्म झाला. बाप वाँग केई-यिंग नामांकित मल्ल आणि वैद्य. लहानपणी बापलेक गावोगावच्या चौकांत कसरती करून दाखवीत आणि मलमे विकीत. पुढे वाँग फेइ-हुंगने कँटन म्हणजे आजच्या ग्वांगझौ शहरात 'पो ची लाम' नावाचा दवाखाना थाटला. हुंग घराण्याच्या युद्धकलेचा तो आचार्य होता, आणि सिंहनृत्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. त्याचा एक पट्टशिष्य लाम साई-विंग, पेशाने डुकराच्या मांसाचा खाटीक. तो हाँगकाँगला आला आणि त्याने शिष्य तयार केले. त्याच्या चू यू-चाय नावाच्या शिष्याने १९३० नंतरच्या दशकात वर्तमानपत्रातून आजेगुरूंच्या गोष्टी क्रमशः लिहिल्या. दुसरा शिष्य लाउ चाम. वू पांगच्या चित्रपटांत लाम साई-विंगची भूमिका कुणी केली असेल? या लाउ चामनेच! शिष्याने पडद्यावर आपल्याच गुरूचे सोंग घ्यायचे आणि आजेगुरूंपुढे हात जोडून उभे राहायचे. तेव्हा मारामारी कितीही नाटकी असो, मधूनच एखादा डाव असा येई की तो कँटनच्या आखाड्यातून हातोहात आलेला असे.

आपल्याकडच्या तालमी ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना यात नवल वाटणार नाही. लाल मातीत पोराचा खांदा निखळला तर वस्ताद त्याला दवाखान्यात थोडेच धाडीत! तेच पायाने काख दाबून, हाताला एक झटका देऊन खांदा जागेवर बसवीत. ज्याला हाड कुठे निखळते ते ठाऊक, त्यालाच ते कुठे बसते हेही ठाऊक. माझ्या सुरुवातीच्या शंकेचे उत्तर तिथल्या तिथे मिळाले.

आजोबा मात्र निराळेच सांगत होते. "माझे वडील फोशानजवळच्या खेड्यातले," ते म्हणाले. "१९४९ मध्ये आम्हाला घेऊन आले, तेव्हा मी चार वर्षांचा. इथे ते गोदीत हमाली करीत. महिन्यातून एकदा आम्हाला सिनेमाला नेत. तो फक्त वाँग सीफूंचा. पण मारामारी सुरू झाली की ते डोळे मिटून बसायचे. दिवसभर थकलेले असत. पडद्यावर सिंहाचा ढोल वाजला की मात्र ताठ होऊन बघत. एकदा मी विचारलं, 'बाबा, मारामारी का बघत नाही?' तर म्हणाले, 'मारामारी इथेही आहे. सिंह तिकडे राहिला.'"

त्यांच्या वडिलांना पुढे गावी जाणे झाले नाही. सरहद्द सैल होईपर्यंत त्यांचे आयुष्य संपले होते. आजोबा एकदा जाऊन आले. घराच्या जागी कारखाना होता. "पुन्हा गेलो नाही," एवढेच म्हणाले, आणि आमच्या पेल्यांत चहा ओतला. निघताना मात्र त्यांनी एक काम सांगितले. फोशानला हाडवैद्यांच्या औषधी लेपाच्या पट्ट्या मिळतात, त्यांतल्या चार गुडघ्यासाठी आणायच्या. आणि जमल्यास तिथला ढोल टेलिफोनवर ऐकवायचा.

हाँगकाँगहून फोशानला जाणे आता अगदी सोपे झाले आहे. वेस्ट कौलून स्टेशनात २०१८ पासून चीनची वेगवान आगगाडी येते. त्याच इमारतीत एका मजल्यावर हाँगकाँग संपते आणि चीन सुरू होतो. पारपत्रावर शिक्के बसतात आणि खिडकीबाहेरचे पाहून होते न होते तोच तासाभरात ग्वांगझौ येते. जी वाट आजोबांच्या वडिलांना उभ्या जन्मात पुन्हा चालता आली नाही, ती आम्ही सौ.ने आणलेल्या चिवड्याचा पुडा संपायच्या आत पार केली. पुढे ग्वांगझौची भुयारी गाडी थेट फोशानमध्ये नेऊन सोडते.

फोशान म्हणजे बुद्धाचा डोंगर. थांग राजांच्या काळी, इ. स. ६२८ मध्ये, इथल्या टेकडीवर बुद्धाच्या मूर्ती सापडल्या, त्यावरून हे नाव पडले म्हणतात. गाव म्हणवत नाही, कारण २०२० च्या शिरगणतीत या शहराची आणि आसपासच्या त्याच्या मुलखाची वस्ती पंचाण्णव लाखांच्या घरात होती. चिनी मातीची भांडी, लोखंडाचे ओतकाम आणि रेशीम यांसाठी हे पूर्वापार प्रसिद्ध. डोळ्यांसमोर जुने कौलारू गाव घेऊन आलेल्या प्रवाशाला इथे उंच इमारती, मोटारी आणि फरशीच्या जाहिराती भेटतात. मग 'त्सुमियाव' म्हणजे पूर्वजमंदिर नावाच्या स्टेशनावर उतरून जिना चढले की अचानक राखाडी विटांची भिंत लागते आणि आपण आत शिरतो.

हे मंदिर अकराव्या शतकात, सुंग राजांच्या अमदानीत स्थापन झाले. देव उत्तरेचा अधिपती, पाण्याचा स्वामी. पुराचे भय असणाऱ्या या सखल मुलखाने पाण्याचा देव मानावा यात नवल नाही. समोरच्या तळ्यात दगडी कासव आणि त्याच्याजवळ साप. लोक कासवावर नाणी टाकीत होते. सौ.नेही एक टाकले. देव कुठलाही असो, ती खाते उघडून ठेवते.

मंदिराच्या छपराकडे पाहत राहावे. पन्हळीच्या कडेवर शिवान गावच्या कुंभारांनी केलेल्या रंगीत मातीच्या बाहुल्या ओळीने उभ्या: सेनापती, राण्या, घोडे, पंडित. साऱ्या नाटकांतल्या प्रसंगातल्या. आणि देवासमोरच एक खरोखरीची रंगभूमी आहे. १६५८ साली बांधलेली. देवाला नाटक दिसावे म्हणून तिचे तोंड गाभाऱ्याकडे. कँटनी संगीत नाटकाचे माहेर ते फोशानच. तिथे उभा राहिल्यावर मला क्वान टाक-हिंग यांची ती सावकाश चाल आठवली. ती चाल मल्लाची नव्हतीच. ती या रंगभूमीवरून आलेली, पदन्यास जोखून टाकणाऱ्या नटाची चाल होती.

याच आवारात २००१ साली वाँग फेइ-हुंगचे स्मारक-भवन उघडले. जुन्या वाड्याच्या धाटणीचे, मध्ये अंगण. जवळच यिप मान यांचेही दालन आहे. ब्रूस लीचे हे गुरू याच गावचे. त्यांच्यावरही २००८ ते २०१९ या काळात चार गाजलेले चित्रपट निघाले. एका गावाने दोन-दोन पडद्यावरचे गुरू पुरवावेत, ही काही लहान गोष्ट नाही.

स्मारकातून फिरताना माझ्या ध्यानात एक मौजेची गोष्ट आली. तिथे औषधाची कपाटे आहेत, वंशावळ आहे, हत्यारे आहेत. पण लोक घुटमळतात ते चित्रपटांच्या जाहिरातींपाशी. एक बाई आपल्या मुलाला क्वान टाक-हिंग यांच्या चित्राकडे बोट दाखवून काहीतरी सांगत होती. वाँग फेइ-हुंगची ओळख ती ज्याच्या चेहऱ्यावरून करून देत होती, तो नट! आणि कानांवर सूर येत होते ते 'सेनापतीची आज्ञा' या जुन्या धूनचे. तीही चित्रपटांनीच वाँग फेइ-हुंगला चिकटवलेली. १९९१ च्या चित्रपटात तिच्यावर शब्द रचले गेले आणि ती घरोघर गेली. त्याच चित्रपटाने पो ची लाम दवाखाना ग्वांगझौहून उचलून फोशानला आणला. गावातून माणूस गेला, गोष्ट होऊन हाँगकाँगला पोचला, आणि पन्नास वर्षांनी चित्रपट होऊन गावी परत आला. येताना दवाखाना, चेहरा आणि बँड बरोबर घेऊन आला.

खऱ्या वाँग फेइ-हुंगची अखेर मात्र बँडबाजा लावण्यासारखी नव्हती. १९२४ साली ग्वांगझौमध्ये व्यापाऱ्यांचे सशस्त्र पथक आणि सुन यत्-सेन यांचे सरकार यांच्यात लढाई जुंपली. बाजारपेठेला आग लागली आणि त्या आगीत पो ची लाम जळून गेले. औषधे गेली, उतारवयातली मिळकत गेली. त्यानंतर थोड्याच काळात हाडवैद्य दारिद्र्यात वारले. त्यांची चौथी पत्नी मोक क्वाई-लान मागे राहिली. तिच्या लग्नाची आख्यायिका सौ.ला फारच आवडली. वाँग फेइ-हुंग जमावापुढे हातखंडा खेळ करून दाखवत होते; लाथ मारताना पायातला जोडा निसटला आणि तिच्या तोंडावर बसला. ती सरळ पुढे झाली आणि तिने गुरुजींच्या थोबाडीत दिली. पुढे दोघांचे लग्न झाले! ही बाई स्वतः युद्धकलेत तरबेज. नवऱ्यामागे ती हाँगकाँगला गेली, तिने शिष्य शिकवले, आणि १९८२ पर्यंत ती हयात होती. म्हणजे आपल्या नवऱ्याला पडद्यावर सत्तराहून अधिक वेळा जिंकताना ती त्याच शहरात राहून बघू शकत होती. त्या काळोखात बसून तिला काय वाटत असेल? घरात पैसा नसताना गेलेला माणूस, आणि समोर टाळ्या.

स्मारकाच्या पायरीवर बसून मी भाच्याला विचारले, "तुझ्या वयाच्या पोरांना या म्हाताऱ्यात काय दिसतं रे?"

"मामा, आम्ही म्हातारा पाहिलाच नाही!" तो म्हणाला.

आणि खरेच की. क्वान टाक-हिंग १९८१ पर्यंत, म्हणजे पंचाहत्तरीच्या सुमारासही ही भूमिका करीत होते. १९९६ मध्ये ते निवर्तले. पण मधल्या काळात नव्या पिढ्यांनी आपापला वाँग फेइ-हुंग घडवून घेतला होता. लाउ चामचा मुलगा लाउ का-ल्युंग दिग्दर्शक झाला, आणि त्याने १९७६ साली वाँगला शिष्याच्या रूपात दाखवले: अजून काही येत नाही, पण शिकायची तहान आहे. १९७८ मध्ये जॅकी चॅनने तर त्याला उनाड, बापाला न जुमानणारे कार्टे केले. एक दारुडा भिकारी त्याला मारून मुटकून वळण लावतो. हाँगकाँगात वाढलेल्या, गावचे दुःख न पाहिलेल्या पोरांना हा आपला वाटला. मग १९९१ मध्ये दिग्दर्शक त्सुई हार्क यांनी जेट ली या पेकिंगच्या तरुणाला तो झगा चढवला. हाँगकाँग चीनला परत जायला तेव्हा सहाच वर्षे उरली होती, आणि पुढे काय, हा प्रश्न घराघरात होता. म्हणून या वाँगसमोर नुसता बाजारातला गुंड नाही. बंदरात परक्यांची जहाजे आहेत, बंदुका आहेत, आणि विलायती पोशाखात छायाचित्रे काढणारी तेरावी मावशी आहे. नात्याने ती मावशी म्हणायची, रक्ताने नव्हे. आणि गुरुजींचे मन तिच्यावर जडलेले! लोखंडाचे अंग कमावलेला एक म्हातारा मल्ल त्यात गोळ्यांनी मरतो. हाताची कला बंदुकीपुढे टिकायची कशी, हा प्रश्न तो मरता मरता मागे ठेवून जातो, आणि वाँग फेइ-हुंगला त्याचे उत्तर सापडत नाही. या मालिकेचे १९९७ पर्यंत सहा भाग निघाले. २०१४ साली आणखी एका नव्या नटाने तरुण वाँग रंगवला.

निर्वासितांना गाव हवे होते, त्यांच्या पोरांना खोडकरपणा हवा होता, नातवंडांना उद्याची काळजी बोलून दाखवणारा कुणी हवा होता. प्रत्येकाने आपले दुखणे या वैद्याकडे नेले. दांडगा नायक वयाबरोबर उतरतो. वैद्य उतरत नाही, कारण घरात कुणी ना कुणी आजारी असतेच. हात उगारण्याचे बळ असताना आधी नाडी पाहणारा माणूस कुठल्याही काळात दुर्मीळच. लोक तिकीट काढतात ते लाथेसाठी. पण पुढच्या वर्षी पुन्हा येतात ते या माणसासाठी.

दुपारी अंगणात ढोल सुरू झाला. इथले सिंहनृत्य साऱ्या दक्षिण चीनमध्ये वाखाणलेले. एका सिंहाच्या कातड्याखाली दोन माणसे. पुढचा मुखवटा सांभाळतो, मागचा पाठ होतो. पुरुषभर उंचीच्या, ताटलीएवढ्या माथ्याच्या खांबांवरून ते सिंह उड्या मारीत. पापण्या मिचकावीत, कान हलवीत, घाबरत, पुन्हा धीर करीत. शेवटी उंच टांगलेली हिरवी पाने सिंहाने तोंडात धरली आणि चावून लोकांवर उधळली. 'पाने' आणि 'धन' यांचे कँटनी उच्चार जवळजवळ सारखे, म्हणून अंगावर पान पडणे भाग्याचे. सौ.च्या पदरावर दोन पडली. तिने ती पर्समध्ये ठेवली.

खेळ संपल्यावर माणसे पांगली आणि कोपऱ्यात लहान मुलांचा सराव सुरू झाला. दहा-अकरा वर्षांचा एक पोरगा खालच्या खांबावरून निसटला आणि पाय मुरगळून बसला. त्याचा गुरू तरातरा आला. आता याला दोन बसणार, असे वाटून आम्ही पाहू लागलो. गुरूने गुडघे टेकले, पोराचा घोटा हातात घेतला, अंगठ्याने हळूहळू दाबून पाहिला, खिशातून बाटली काढून तेल चोळले. हे सगळे झाल्यावर मग तो यथास्थित ओरडला, आणि पोरगा लंगडत, डोळे पुसत, पुन्हा खांबाकडे गेला.

"बघितलंस?" मी म्हटले.

"आधी तेल, मग ओरडा," सौ. म्हणाली. "अण्णा अगदी असेच."

संध्याकाळी मंदिरामागच्या गल्लीतून आम्ही आजोबांच्या पट्ट्या घेतल्या. काळ्या लेपाच्या, आणि वास असा की सौ.ने पाहताक्षणी जाहीर केले, "या माझ्या बॅगेत नकोत. चिवड्याला वास लागेल." तेव्हा ते पुडके माझ्या कोटाच्या खिशात गेले. मुक्कामी पोचल्यावर भाच्याने आजोबांना टेलिफोन लावला आणि दुपारी टिपून घेतलेला ढोल ऐकवला. पलीकडे बराच वेळ शांतता. मग आजोबांचा आवाज आला.

"छान आहे. पण जलद वाजवताहेत," ते म्हणाले. "आमच्या गावचा सावकाश असायचा. वाँग सीफूंच्या सिनेमातल्यासारखा."

चौथ्या वर्षी ज्यांनी गाव सोडले त्यांना गावचा ढोल कुठून आठवणार! त्यांचे गाव साई वान होच्या त्या इमारतीत, लोखंडी डब्यांत गुंडाळून ठेवलेले आहे. भाचा काहीतरी बोलायला गेला. मी त्याला खुणेने थांबवले.

सौ. उठली, माझ्या कोटातले पुडके काढले, आपल्या एका जुन्या सुती साडीत नीट गुंडाळले आणि स्वतःच्या बॅगेत, चिवड्याच्या डब्याशेजारी ठेवले.

"लागू दे वास," ती म्हणाली. "दुमडल्या तर त्यांना चिकटवता येणार नाहीत."